न वाजवायचे ठोके

लूमवरून परतलेल्या माणसाच्या अंगावर दोऱ्याचे तुकडे चिकटलेले असतात. एक झटकावा तर कॉलरवर दुसरा दिसतो. यंत्रमागांच्या उधन्यातल्या आमच्या चाळीच्या बँडचे किस्से अगदी असेच!

बँड म्हणजे चाळीतलेच लूमकामगार, सगळे खानदेशातून आलेले. माझे मोठे काका, दगडूकाका, मोठा ढोल वाजवतात आणि सगळ्यांवर राज्य करतात. सुपडूमामांकडे ट्रंपेट. इतकी वर्षं सगळं कानावरच चालायचं. मग रेल्वेच्या बँडमधून निवृत्त झालेले मास्तर चाळीत राहायला आले आणि म्हणाले, "यंदा चौदा एप्रिलला जयंतीच्या मिरवणुकीत सूर कागदावर वाचून वाजवायचं!"

कॉलेजात जाणारी म्हणून सुरांच्या खुणा कागदावर मोठ्या करून उतरवायचं काम माझ्याकडे आलं. पण मला साइड ड्रम शिकायचा होता. बँडबरोबर चालायचं होतं.

"शिक," काका म्हणाले. "पण मिरवणुकीत पोरगी बँडमा चालनार नही!"

का, ते सांगायची आमच्या वडीलधाऱ्यांना सवय नाही.

*

पहिल्या दिवशी मास्तरांनी फळ्यावर एक पोकळ अंडं काढलं. "हे चार ठोके लांबवायचं." मग काळं भरलेलं, दांडीवालं अंडं काढलं. "हा एकच ठोका."

काका उसळले. "रिकामाले चार, अन् भरेलले एक? हाई कोनतं गनित?"

"दगडू," मास्तर शांतपणे म्हणाले, "रिकाम्या माणसालाच वेळ जास्त असतो!"

काका दिवसभर घुश्शात. मी मात्र रात्री अंथरुणात पडल्या पडल्या बोटांनी मोजत होते. अंडं भरलं की घाई, दांडीला शेपटी फुटली की आणखी घाई. लांबी कागदावर डोळ्यांनी दिसते, हे मला कुणी आजवर सांगितलंच नव्हतं!

*

धून सगळे एकदम सुरू करायचे, संपवायचे मात्र तीन हप्त्यांत. मास्तर हैराण. शेवटी मी खाली बसून सगळ्यांचे पाय पाहिले. जो तो आपापल्या लूमच्या चालीवर पाय आपटत होता! एका कारखान्यातले एकत्र पोचायचे, दुसऱ्यातले त्यांच्यामागून, तिसऱ्यातले सगळ्यांत शेवटी.

मास्तरांनी कपाळाला हात लावला. "अरे, धून वाजवताय की कारखान्याची पाळी सुटलीये?"

*

मग आली ठिपक्याची भानगड. सुराच्या शेजारी ठिपका दिला की तो दीडपट लांब होतो.

"म्हणजे ठिपका किती ठोक्यांचा?" मी विचारलं.

"त्याचं स्वतःचं काही नसतं. ज्याच्या शेजारी उभा, त्याच्या निम्मा."

"म्हणजे लग्न झालेल्या बाईसारखा!"

मास्तर हसले. काकांनी ढोलावर असा टोला हाणला की शेजारचं तान्हं बाळ जागं झालं.

*

सगळ्यात अवघड निघाली विश्रांतीची खूण. वाजवायचं नाही, पण मोजायचं! सुपडूमामांना ते जमेना. गालांत हवा भरली की ट्रंपेट फुंकलीच!

"लूम बंद पडला का शेठ पळत येतो," ते म्हणायचे. "अन् आठे आपनच बंद ठेवाना?"

एक दिवस मात्र विश्रांतीत सगळे चिडीचूप. "शाबास!" मास्तर खूश. आणि पुढचा सूर कुणीच वेळेवर धरला नाही.

मला कारण दिसत होतं. लूमच्या खडखडाटात आवाज पोचत नाही, म्हणून ही माणसं एकमेकांचे ओठ वाचून बोलतात. आम्ही पोरंही घरात बघून बघून तेच शिकलो. विश्रांतीत मोजायचं सोडून काका मामांना ओठांनी म्हणत होते, "मास्तर येडा शे."

मी ते मोठ्यानं वाचून दाखवलं!

*

जयंतीचा दिवस. पांढऱ्या साडीत मी बायकांच्या रांगेत होते. काकांनी साइड ड्रम दुसऱ्याच्या गळ्यात अडकवला होता.

फटाक्यांच्या धुरानं मास्तरांचा दमा उसळला आणि त्यांना एका दुकानाच्या बाकावर बसवावं लागलं. पुढच्या ट्रकवर भोंगा, मागे फटाके. बँडवाल्यांना एकमेकांचं काही ऐकू येईना. ट्रंपेट एकीकडे, ढोल दुसरीकडे! लोक हसायला लागले. काकांच्या कपाळावरून घाम ओघळत होता.

मी रांग सोडली. बँडच्या पुढे गेले, त्यांच्याकडे तोंड केलं आणि उलटी चालत मोजायला लागले. एक, दोन, तीन, चार. आवाज काढलाच नाही, नुसते ओठ हलवले. विश्रांती आली की ओठ घट्ट मिटायचे.

आधी ढोल ठोक्यावर आला. मग ट्रंपेट. पुढच्या विश्रांतीला मी ओठ मिटले आणि सुपडूमामा, होय सुपडूमामासुद्धा, गप्प!

काका माझ्याकडे रोखून बघत होते. दोन्ही हात ढोलावर गुंतलेले, त्यामुळे मला हाकलणार कसे? धून पुन्हा सुरू झाली तसे त्यांचे ओठ हलले. आली आज्ञा, असं मनात म्हणत मी वाचलं.

"मांगे गटार शे, पोरी. डाव्या हातले सरक."