कुंदाताईंची पडताळणी

संगणकाच्या पडद्यावर हिरवी खूण आली की आम्ही बाकीचे चहाला उठायचो आणि कुंदाताई खुर्ची पुढे ओढून घ्यायच्या. तपासणीच्या टूलने ज्या मॉडेलला नुकतंच बरोबर ठरवलं त्यात त्या मुद्दाम एक चूक घालायच्या आणि टूल पुन्हा चालवायच्या. लाल खूण उमटली की समाधानाने म्हणायच्या, "हव, जागं आहे." मगच चहा. तोवर तो गार झालेला असायचा. त्यांना गरम चहा पिताना मी पाहिल्याचं आठवत नाही.

शंकर नगरात एका औषधाच्या दुकानावर आमचं ऑफिस होतं. रायपूरबाहेरच्या पोलाद कारखान्यांत वितळलेल्या धातूची भली मोठी बादली क्रेनने उचलून नेतात, आणि खाली शेडमध्ये माणसं वावरत असतात. त्या क्रेनचे ब्रेक सांभाळणारी यंत्रणा आम्ही बनवत असू. थांबवायचं बटण दाबलं की ठरलेल्या वेळेच्या आत ब्रेक लागलाच पाहिजे. क्रेन कितीही वेळा चालवून पाहिली तरी सगळ्या शक्यता संपत नाहीत. म्हणून यंत्रणेचं गणिती मॉडेल करून ते टूलला द्यायचं. घटनांचा प्रत्येक संभाव्य क्रम तपासून टूल सांगणार, उशीर होऊच शकत नाही. किंवा, हा पाहा, या क्रमाने झालं तर होतो.

ताई आधी कॉलेजात गणित शिकवत. वडील रेल्वेत, त्यांच्या बदलीमुळे घर वर्ध्याहून इथे आलेलं. पुरानी बस्तीत त्या आणि त्यांची आई, दोघीच राहत. ऑफिस त्यांना दीदी म्हणायचं. मी अमरावतीचा, म्हणून ताई म्हणू लागलो. पहिल्याच आठवड्यात मी उत्साहाने सांगायला गेलो, "ताई, टूल म्हणते बरोबर आहे."

"टूल काय म्हणते ते राहू दे," त्या म्हणाल्या. "तू त्याले काय विचारलं ते सांग. ते बिचारं खोटं नाही बोलत, पण आपण विचारलं तेवढंच सांगते, बावा."

सरासरी या शब्दाचा त्यांना राग होता. एकदा सदर बाजारात त्यांच्यासोबत शिंप्याकडे गेलो होतो. तो म्हणाला, "दीदी, दो दिन में दे देंगे."

"हमेशा दो दिन में, कि कभी-कभी?"

"अब दीदी, आम तौर पे तो..."

"आम तौर नहीं, भैया. ज्यादा से ज्यादा कितना?"

शिंप्याने मापाची टेप गळ्यातून काढून काउंटरवर ठेवली. "दीदी, आप ब्लाउज सिलवाने आई हैं कि गवाही लेने?" ताई इतक्या हसल्या की वाटेत लावलेली स्कूटर हलवायचं राहून गेलं आणि मागे दुचाक्यांची रांग लागली. स्कूटरवर बसताना मला म्हणाल्या, "पाह्य, आकडा नाहीच देल्ला त्यानं. हुशार माणूस आहे."

माझ्या हातून काही चुकलं तर त्या रागावत नसत. शेजारी बसून ती चूक उलगडायच्या. त्यात त्यांना इतका रस वाटायचा की चूक करणाऱ्याला लाज वाटायला सवडच मिळायची नाही. एवढं मला त्यांच्याकडून मिळालं होतं, हे पुढचं लिहिण्याआधी सांगायला हवं.

हे घडलं त्या वर्षी त्यांची आई दवाखान्यात होती. ताई सकाळी येत, दुपारी निघून जात. आमच्या कंपनीच्या साहेबांना क्रेनची यंत्रणा लवकर पाठवायची होती. ताईंनी जुन्या मॉडेलमध्ये एक नवी अट घातली, केबिनचं दार लॉक झाल्यावरच क्रेन चालेल अशी. टूल चालवलं, हिरवी खूण आली, आणि बहुधा त्याच वेळी दवाखान्यातून फोन आल्याने चूक घालून पाहायचं राहिलं. यंत्रणा गेली. क्रेन चालूही झाली.

पुढच्या महिन्यात दुसऱ्या क्रेनसाठी तेच मॉडेल माझ्याकडे आलं. ताईंच्याच सवयीने मी त्यातून ब्रेक काढून टाकला आणि टूल चालवलं. खूण हिरवीच आली. मी पुन्हा चालवलं. ब्रेकच नसलेली क्रेन वेळेत थांबते, असं टूल शांतपणे सांगत होतं. मग कारण सापडलं. नव्या अटीमुळे मॉडेलमधलं दार कधी लॉकच होत नव्हतं, म्हणून क्रेन चालत नव्हती, बटण कधी दाबलंच जात नव्हतं, आणि जे दाबलंच नाही त्याला उशीर कसा होणार? ज्या वर्गात एकही मूल नाही त्या वर्गातली सगळी मुलं पास, असं म्हणण्यासारखं ते होतं.

त्या क्षणी मला आनंद झाला. मी चक्क हसत होतो. शेडमधली माणसं मला नंतर आठवली.

मी ताईंच्या टेबलाशी गेलो. "ताई, ब्रेक काढला तरी हिरवंच येऊन राहिलं."

त्यांनी पाहिलं. अटीवर बोट ठेवून ती पुन्हा वाचली. "हव," त्या म्हणाल्या. "साहेबाले सांगितलं?"

"नाही. तुम्हीच नीट करून टाका न. कोणाले काहून सांगायचं?"

"आणि जी क्रेन चालून राहिली तिचं काय?" असं म्हणत त्या उठल्याही. साहेबांसमोर उभं राहून त्यांनी स्वतः कारखान्यात फोन लावला. "भैया, क्रेन बंद कीजिए. हमारी जाँच गलत थी. मेरी गलती है."

पलीकडचा म्हणाला असावा की बादली वर टांगलेली आहे. "तो आराम से उतारिए, फिर बंद कीजिए. मैं फोन पकड़ के खड़ी हूँ." त्या तशाच उभ्या राहिल्या. साहेब कपाळ चोळत होते. मी दाराशी होतो.

मॉडेल दुरुस्त केल्यावर टूलने एक क्रम दाखवला. तो क्वचितच घडेल असा होता, पण त्यात ब्रेक उशिरा लागत होता. सुदैवाने तो क्रम तोवर कधी घडला नव्हता. ती यंत्रणा सुधारून पुन्हा बसवली. साहेबांनी तपासणीवर सही करायचं ताईंचं काम मला दिलं. ताई टेबल आवरताना म्हणाल्या, "बरं झालं. आता तू सही करत जा."

नंतर एका दुपारी, आम्ही दोघेच असताना, त्यांनी विचारलं, "विनय, सापडलं तेव्हा आनंद झाला असेल न तुले?"

"नाही हो ताई. भलतंच काय."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "मले तर झाला असता." आणि कामाला लागल्या.

तेव्हा हो म्हणायला हवं होतं. त्यांनी दार उघडून धरलं होतं आणि मी बाहेरूनच नमस्कार करून निघून गेलो. त्यानंतर त्यांच्या नजरेसमोर मला अवघडल्यासारखं होई. मी चहाची वेळ बदलली. काही महिन्यांनी त्यांनी आईसाठी म्हणून नोकरी सोडली आणि घरी गणिताच्या शिकवण्या सुरू केल्या. पुरानी बस्ती माझ्या घरापासून लांब नाही. दिवाळीला मी फोनवर संदेश पाठवत असे. त्यांचं उत्तर यायचं, "ये एकदा." ताई हृदयविकाराच्या झटक्याने गेल्या, हेही मला ऑफिसातल्या दुसऱ्या कोणाकडून कळलं, सगळं आटोपल्यावर.

मी त्यांच्या घरी भेटायला गेलो. दवाखान्यातून परत येणार नाहीत असं ज्यांच्याबद्दल सगळे म्हणत होते, त्या त्यांच्या आई पलंगावर बसल्या होत्या. मी नाव सांगितलं.

"विनय? ऑफिसातला?" त्यांनी मला जवळ बसवलं. "तुह्यं नाव घ्यायची नेहमी. एक दिवस दवाखान्यात आली ते हसतच. म्हणे, आई, आज माह्या पोट्ट्यानं माही चूक पकडली. इतकी मोठी चूक होती म्हणे, अन् त्यानं पकडली. नर्सले पेढे वाटले तिनं. मी म्हटलं, बाई, चुकीचे पेढे कोणी वाटते का?"

त्या हसल्या आणि पदराने डोळे पुसले. शेजारची मुलगी पाणी घेऊन आली. मी पेला हातात धरून बसलो.

"ते म्हणे, तो येईन घरी," आई म्हणाल्या. "मग आला काहून नाही रे इतके दिवस?"

"काम होतं, आजी," मी म्हणालो.

"हव," त्या म्हणाल्या. "काम तर राहतेच." आणि मला पाणी पी म्हणाल्या.