मधल्या पदाची फोड

सकाळी दूध वर यायच्या बेतात आणि दारावर थाप. गॅस बारीक करून दार उघडलं, तर शेजारच्या शिवणवाल्या ताई. हातात काल लागलेल्या निकालाचा कागद, चेहरा उतरलेला. मी खुर्ची पुढे केली.

ताई इस्पितळाच्या शिवणखोलीत बारा वर्षं फाटक्या चादरी सांधतात, रोजंदारीवर. कायम व्हायचं तर दहावी पास हवी, आणि त्याची मुदत याच महिन्यापर्यंत, नाहीतर रोजंदारीही बंद. म्हणून सेहेचाळिसाव्या वर्षी त्यांनी पुस्तक हातात घेतलं. बाकीचे विषय सुटले. गणित दोनदा राहिलं, आणि आता तिसऱ्यांदा. तीन गुण कमी पडले.

आठवीत वर्ग त्रिपदीचे अवयव सुरू झाले, त्याच आठवड्यात त्यांच्या आईनं अंथरूण धरलं. धाकट्या भावंडांसाठी ही थोरली घरी बसली, ती बसलीच. तो धडा मी त्यांना वर्षभर भाजी निवडता निवडता शिकवला. पण मधल्या पदाची फोड करायची वेळ आली, की चादर मधोमध दुमडायची हाताची सवय आड यायची. एक्स वर्ग अधिक दहा एक्स अधिक चोवीस, असं दिलं की दहाचे लगेच पाच आणि पाच. सहा आणि चार घ्या, गुणाकार चोवीस यायला हवा, असं म्हटलं की म्हणायच्या, "पंचवीस आले ना? एक शिलाईत गेला समजा." मीही हसायचे. तेव्हाच जरा कडक व्हायला हवं होतं.

परीक्षेत तसलंच उदाहरण आलं होतं, तीन गुणांचं. हात पुन्हा मधोमधच गेला, म्हणाल्या. सोमवारपासून त्यांच्या मशीनवर दुसरी मुलगी बसणार, असं मुकादमानं कालच सांगून टाकलं होतं.

मी पुन्हा परीक्षेला बसा म्हणाले, माझं मलाच ते पोकळ वाटलं.

"आता कुणासाठी, वहिनी? नोकरी तर गेली."

मग त्या कागदाची कडा नखानं सरळ करत सांगू लागल्या. त्यांची धाकटी लेक यंदा आठवीत. काल तिच्या वर्गात हाच धडा सुरू झाला आणि ती वही घेऊन आईकडे आली. ताईंनी डोकं दुखतंय म्हणून तिला परत पाठवलं.

"तिला रोज संध्याकाळी अर्धा तास तुमच्याकडे बसू द्याल का?"