हंगेरीचा माणूस आणि ठाकरवाडीची भिंत

नव्वदच्या दशकाच्या शेवटी हंगेरीचा एक कलादिग्दर्शक मुरबाड तालुक्यात खेडं शोधायला आला. तालुक्यात खेडी पुष्कळ होती, पण त्याला एकही पसंत पडेना. एकात विजेचे खांब होते, दुसऱ्यात ग्रामपंचायतीची पिवळी इमारत, तिसऱ्यात माणसं पॅन्ट घालून हिंडत होती. मी तेव्हा शहापुरातून ठाण्याच्या एका दैनिकाला बातम्या पाठवत असे. इंग्रजी येतं एवढ्या भांडवलावर मला दुभाष्या म्हणून नेण्यात आलं. त्याचं इंग्रजी माझ्याहून कच्चं होतं, त्यामुळे आमचं जमलं.

गाडीत त्याने आपली कारकीर्द सांगितली. उभं आयुष्य त्याने बुडापेस्टमध्ये दुसऱ्यांची शहरं उभी केली होती. एका गल्लीचं त्याने पॅरिस केलं, पुढे तिचंच मॉस्को केलं. बुडापेस्टचं बुडापेस्ट करायला मात्र त्याला कोणी कधी बोलावलं नाही. आता एका सिनेमासाठी पूर्वेकडचा कुठलातरी देश हवा होता. कुठला, ते पटकथेत नव्हतं. तो मुरबाडमध्ये स्वस्तात पडेल, असं निर्मात्याचं मत होतं.

अखेर टोकावड्याच्या पुढे, डोंगराच्या पायथ्याची एक ठाकरवाडी त्याने पास केली आणि लगेच दुरुस्तीला काढली. घरांवरचे पत्रे गवताने झाकले. प्लास्टिकच्या बादल्या गोळा करून ट्रकमध्ये टाकल्या. बाजारातून नवी मडकी आणून त्यांना काजळी फासली. एक म्हातारी दारात उभी राहून हे बघत होती. ती म्हणाली, "आमी सनाला सारवतो, ह्यो बाबा घान करतो. आन पगार त्येला."

मग त्याची नजर एका घराच्या भिंतीवर गेली. कारवीच्या काठ्यांचा कूड, वर शेणमातीचं लिंपण. भिंत आवडली, पण कोरी होती. कुठल्याशा पुस्तकात त्याने तांदळाच्या पिठाने काढलेलं पांढरं चित्र पाहिलं होतं, तसं इथे हवं म्हणाला. ते चित्र म्हणजे लग्नाचा चौक. ज्या घरात लग्न ठरलं असेल तिथेच सुवासिनी तो काढतात, आणि एकदा काढला की लग्न लागेपर्यंत पुसत नाहीत. हे सगळं मी त्याला समजावून सांगितलं. तो म्हणाला, "फारच सुंदर!"

त्या घरात लग्नाची मुलगी होती. डोळखांबकडच्या एका मुलाशी बोलणी चालू होती, पण पक्की झाली नव्हती. मुलीला मुलगा पसंत होता. धसईच्या बाजारात ती त्याच्याशी बोलत उभी असते, हे वाडीतल्या शेळ्यांनाही ठाऊक होतं. बाप चौकाला तयार नव्हता, पण शूटिंगवाले जाताना घरावर कौलं घालून देणार होते. शेवटी बायकांनी तोड काढली. "कडा काडू, मदली जागा मोकळी ठेवू. मदी काय नाय, तं चौक नाय."

त्यांनी नक्षीची चौकट काढली, हात धुतले आणि आपापल्या घरी गेल्या. कलावंताला रिकामी जागा सोसवली नाही. स्टुलावर चढून त्याने मधोमध घोडा काढला. घोड्यावर नवरा-नवरी बसवली. नवऱ्याला मुंडावळ्या कशा असतात हे त्याला माहीत नव्हतं, म्हणून हॅट घातली.

शूटिंग सुरू झाल्यावर चौथ्या दिवशी डोळखांबहून मुलाचा बाप आणि मुलाची आत्या बोलणी पक्की करायला आले आणि भिंतीसमोरच थांबले.

"लगीन ठरलं म्हनायचं," मुलाचा बाप म्हणाला. "आमालाच सांगायचं ऱ्हायलं."

"शूटिंगचं हाय ते, पाव्हनं," मुलीचा बाप म्हणाला.

"घोडा पन शूटिंगचा?"

आत्याने जवळ जाऊन चित्र निरखलं. "नवरा टोपीवाला हाय रे दादा! सायेब गावला ह्यांना. आपला पोरगा कशाला पायजेल?"

"पुसून टाकतो," मुलीचा बाप म्हणाला.

"पुसायचा नस्तो. आन दुसऱ्याच्या चौकाखाली आमच्या पोराचं लगीन नाय होयाचं," आत्या म्हणाली. दोघे पाणीही न पिता परतले.

पुसायला कलादिग्दर्शकाचाही विरोध होता. भिंतीची निम्मी दृश्यं चित्रित झाली होती. रूढी आणि सिनेमा यांचं असं एकमत मी पुन्हा पाहिलं नाही.

तेवढ्यात मुलगी बाहेर आली. डोळे लाल होते. ती मला म्हणाली, "ह्येला सांगा, पुसायचा नाय, ठेवायचा नाय, तं ने म्हनावं उचलून तुज्या गावाला!"

हा टोमणा होता. मी त्याचं शब्दशः इंग्रजी केलं. त्याने कुडावर बोटाने ठकठक केलं आणि सुतारांना हाक मारली. कुठलीही भिंत कायमची असते असं त्या माणसाला आयुष्यात कधी वाटलंच नव्हतं. संध्याकाळपर्यंत मेढीचे खांब कापून, गोणपाटात गुंडाळून भिंत ट्रकमध्ये चढली. भिंतीची उरलेली दृश्यं मुंबईच्या स्टुडिओत होणार होती.

चौक गेल्याचा निरोप डोळखांबला पोचला. दोघे पुन्हा आले. रस्त्यावरून आता चूल, कणगी, उतरंड सगळं दिसत होतं. मुलाच्या बापाने भगदाडातून आत हात घालून पाहिला. हरकत घ्यायला काही सापडेना.

"आता आमचा चौक कशावं काडनार?" आत्याने विचारलं.

कलादिग्दर्शकाने तत्परतेने प्लायवूडची भिंत आणवली. शेणाचा रंग, बोटांचे वळ, सगळं हुबेहूब होतं. आत्याने त्यावर टिचकी मारली. "ढोल हाय ह्यो," ती म्हणाली. "खरी भित उबी करा, मंग बोलू."

पुढच्या सकाळी मुलगा स्वतःच कारवीचा भारा खांद्यावर घेऊन आला. त्याला कोणी बोलावलं नव्हतं. तो बाहेरून कूड विणत गेला आणि मुलगी आतून शेणमाती थापत गेली. कलादिग्दर्शक हरखून गेला. हे त्याच्या सिनेमात हवं होतं. फक्त मुलाच्या अंगात टेरिलीनचा शर्ट होता आणि सिनेमातल्या देशात टेरिलीन नव्हतं. तेवढा शर्ट काढायला सांग, असं तो मला म्हणाला. मी सांगितलं.

मुलाने मान वर केली नाही. "त्येला सांगा," तो म्हणाला, "हितं शूटिंग नाय चाललं."

कुडाच्या पलीकडून हसू ऐकू आलं. मग एक ओला गोळा फटीवर बसला आणि आतलं दिसेनासं झालं.