तेराचा पाढा

सुमनमावशी मंगळवारी गेली. हॉस्पिटलमधून फोन आला तेव्हा मी इथे न्यूझीलंडमध्ये, लोअर हटच्या ग्रंथालयात परत आलेली पुस्तकं लावत होते. हातातलं पुस्तक जागेवर ठेवलं आणि घरी जाऊन आईला सांगितलं. आई म्हणाली, "बरं." मग कुकर लावायला उठली.

मावशी आईची धाकटी बहीण. शिल्पकला शिकायला रोमला गेली आणि सिनेमात शिरली... भुताखेतांचे, मुखवटा घातलेल्या खुन्यांचे, झटपट काढलेले सिनेमे. पडद्यावरचं नाव निर्मात्याने ठेवलेलं. चौदा सिनेमांत ती अकरा वेळा मेली. त्यातल्या एका सिनेमातला तिचा फोटो पुण्यात एका मासिकात छापून आला आणि आईचं ठरलेलं लग्न मोडलं. पुढे आईचं दुसरीकडे लग्न झालं, मी झाले. पण मावशीचं नाव घरात निघालं नाही. मावशीने रोममध्येच भेटलेल्या न्यूझीलंडच्या एका लाइटमनशी लग्न केलं आणि त्याच्याबरोबर इथे पेटोनीला येऊन राहिली. मी नोकरीसाठी लोअर हटला आले तेव्हा तिला शोधून काढलं. बाबा गेल्यावर आई माझ्याकडे आली. दोघी बहिणींच्या घरांत मोटारीने दहा मिनिटांचं अंतर होतं.

मी दर मंगळवारी कोपऱ्यावरच्या डेअरीतून दूध घेऊन तिच्याकडे जायची. भर थंडीत जॅन्डल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, घालून ती दार उघडायची. एकदा मी विचारलं, इटालियन येत नव्हतं, तर संवाद कसे म्हणायचीस?

"अगं, आवाज घेतच नसत. नंतर दुसरीच बाई बोलायची. दिग्दर्शक म्हणायचा, काहीही बोल, तोंड हलू दे. एक जर्मन नट वाण्याची यादी म्हणायचा. मी पाढे."

"प्रेमाच्या प्रसंगातसुद्धा?"

"तिथे सतराचा. वेळ लागतो ना!"

मग तिने मला तिच्या एका सिनेमाची डिस्क दिली. तो सिनेमा हिंदुस्थानातही लागणार, असं तिला चित्रीकरणाच्या वेळी कळलं होतं. खिडकीतला प्रसंग होता, कॅमेरा चेहऱ्यावर. पाढा अर्ध्यात सोडून ती म्हणाली होती, "अक्का, माझ्यामुळे तुझं लग्न मोडलं. मला माफ कर." सिनेमा पुण्यात लागला. आई बघायला गेली नाही.

"तेवढंच दाखव तिला," मावशी म्हणाली. "मी समोर नको. आणि आवाज बंद कर, नाहीतर ती बाई मध्ये बोलते."

मी रविवारी दाखवते म्हटलं. मग पुढच्या रविवारी. कधी आईचं ब्लडप्रेशर वाढलेलं असे, कधी पाहुणे येत. खरं सांगायचं तर घरात शांतता होती आणि मला ती मोडायची नव्हती. मावशी दर मंगळवारी एकच शब्द विचारायची, "पाहिलं?" शेवटच्या दोन भेटींत तिने विचारलं नाही. मला सुटल्यासारखं वाटलं होतं... ते वाटणं आता कुठे ठेवावं, कळत नाही.

चौदाव्या दिवशी मी डिस्क लावली आणि आवाज बंद केला. आई चष्मा पुसून टीव्हीजवळ खुर्ची ओढून बसली. थोड्या वेळाने तिचेही ओठ हलायला लागले.

"तेराचा म्हणतेय. मीच घोकून घेतला होता तिच्याकडून." आणि मग, "तेरा सत्ते... चुकली. नेहमी तिथेच चुकायची."

पडद्यावर मावशी क्षणभर थांबली आणि बोलली. आईच्या ओठांनी 'अक्का' एवढंच गिरवलं.

"पुन्हा लाव."

मी तीनदा लावलं. मग तिने माझ्याकडे न बघता विचारलं, "ही तुझ्याकडे कधीपासून होती?"

"पाच महिने."

आई म्हणाली, "बरं."

याला आता सहा आठवडे झाले. जेवण, औषधं, डॉक्टरची वेळ, एवढंच आई माझ्याशी बोलते. डिस्क तिच्या खोलीत आहे. दुपारी ती लावते. आवाज बंद असतो.