काकूला सोबत

मुलुंडच्या आमच्या बिल्डिंगमधली वरच्या मजल्यावरची काकू दुपारी जिना उतरते, तेव्हा झोपेत चालल्यासारखी वाटते. मधेच थांबून खिडकीतून डोंगराकडे बघत राहते. बोलतानाही वाक्य निम्म्यावर सोडून देते.

गर्भाशयाच्या तोंडाच्या कॅन्सरसाठी जी पॅप टेस्ट करतात, त्या टेस्टला आमच्याकडच्या कितीतरी बायकांना हिनेच नेलं. समजावणं वगैरे नाही. दारात उभी राहून एवढंच म्हणायची, "चल गो, माका एकटीक भय वाटता." सोबतीला गेलेली बाई स्वतःचीही टेस्ट करून यायची. मीही तशीच गेले. तिथली नर्स हसली, "यांची कधीच झालीय," तेव्हा मला कळलं.

माझ्या रिपोर्टमध्ये गडबड निघाली. "पेशी बदलल्यात, म्हणजे कॅन्सर झालाय असं नाही," डॉक्टर म्हणाल्या, "दुर्बिणीतून नीट बघू." तरी पुढचे काही दिवस मला सगळं पाण्याखालून आल्यासारखं ऐकू येत होतं.

तपासणीच्या दुपारी काकू दारात उभी.

"चल गो, माका भय वाटता."

मी हसून तिचा हात धरला. तो गार पडला होता.