बहिरीला घातलेली खोटी हाक

मला आवाज काढता येतात. शाळंतल्या मास्तरांचा, घरी बाचा, बाजारात शेंगा इकणाऱ्या म्हातारीचा, घसा खाकरून बोलणाऱ्या दारोगासायबाचा. सातवीपतूर शिकलो. त्यातलं डोक्यात किती टिकलं ते इचारू नका, पन सगळं मास्तर अजून माझ्या गळ्यात बसल्यात. एकदा मोठं गुरुजी भाईर गेल्यावर मी त्यांच्याच आवाजात "आज सुटी" म्हटलं आन् आक्खी शाळा घरी गेली. दुसऱ्या दिवशी छड्या खाल्ल्या, पन पेठंत माझं नाव झालं. ह्या इद्येचं भ्या वाटावं असं तवर काय घडलं नव्हतं. ते घडलं तीन वर्सांमागं, फाल्गुनात, कळंब्याच्या तळ्यावर.

माझा बा चामड्याचं काम करतो. पायताणं करतो आन् म्हाराजांच्या शिकारखान्यातल्या ससाण्यांच्या टोप्याबी शिवतो. टोपी म्हंजे लिंबाएवढी, पाखराच्या डोळ्यांवर चढवायची. डोळं झाकलेलं असलं की पाखरू गप बसतंय. तयार टोप्या पोचवायचं काम माझं. त्यामुळं बाजदारचाचांची नि माझी वळख. साठीचं माणूस. बाप, आजा, सगळ्यांनी ससाणं पाळण्यातच जल्म काढलेला. उजव्या हातावर पाखरू आन् डाव्या हातानं विडी, असंच मी त्यांस्नी कायम बघितलं.

त्या साली त्यांच्याकडं एक बहिरी ससाणी होती. ही काय आपल्याकडची न्हवं. दिवाळीच्या सुमाराला उत्तरंकडनं बदकांचं थवं येतात, त्यांच्या मागोमाग ती येती. बदकं फाल्गुनात परतली की तीबी जाती. चाचांनी ती कार्तिकात माळावर जाळं लावून धरली, चार महिनं हातावर घेऊन हिंडवली आन् माणसाळवली. आता ती मोकळी सोडली तरी चाचांची हाक ऐकून हातावर परत येत होती. म्होरल्या आठवड्यात दरबारचं पावणं येणार होतं. त्यांच्यापुढं तिला उडवायची असं ठरलेलं.

त्या दिवशी मी टोपी द्यायला तळ्यावर गेलतो. चाचा पार पल्याडच्या काठाला होते, वाराबी त्यांच्याकडनं आमच्याकडं. अल्याड माझा शाळंतला दोस्त त्याच्या बाच्या हरभऱ्याची राखण करत बसलेला. जैनाचं पोर. पाखरांवर दगडसुदिक मारायचा न्हाय, नुसतं हात हलवून करकोच्यांस्नी "जा की बाबांनो" म्हणायचा. करकोचं त्याच्याकडं बघत हरभरा खायचं.

चाचांनी बहिरी सोडली. वर वर गेली आन् तिळाएवढी झाली. तळ्याच्या उथळ चिखलात शेकड्यानं बदकं चरत होती, ती एकदम गप झाली.

दोस्त म्हणला, "चाचाचा आवाज येतो का रं तुला?"

"येतो म्हंजे? चाचाला स्वतःला येत नसंल इतका येतो."

"काढून दाखव मर्दा. तोंडानं लई जण वाघ मारत्यात."

मी निवडुंगाच्या आडाला बसलो, दोन्ही हात तोंडाशी धरलं आन् चाचांची हाक घातली. लांबलचक "आऽऽ", मग दोनदा तुटक "हो, हो". दोस्त हसला. त्याचं हसू अजून तोंडावरच होतं तवर वरनं कायतरी फाटल्यागत आवाज आला. लुगडं टरकावतात तसा. मी मान वर केली तर ती माझ्या अंगावर येत होती. पायाचं घुंगरू, पिवळं पाय, काळं डोळं, सगळं एका दमात जवळ आलं. मी तोंडावर पडलो. डोक्यावरनं वारं गेलं आन् मुंडाशाचा शेव उडाला.

मी वर बघितलं तवा ती डोक्यावरच घिरटी घालत होती. माझा हात बघत होती. हातात काय न्हवतं.

पल्याडनं चाचांनी खरी हाक घातली. मांसाचा तुकडा वर धरून घातली. ती तिकडं गेली, निम्म्यात थांबली, वळली. तेवढ्यात भ्यालेली बदकं चिखलातनं उठली, आभाळात रांग धरली आन् पंचगंगेच्या अंगाला निघाली. ती त्यांच्या मागं गेली. चाचा हाका घालत ऱ्हायले. घुंगराचा आवाज बारीक बारीक होत गेला आन् मग चाचांचाच आवाज तेवढा ऱ्हायला.

दोस्त म्हणला, "गप बस. कुणी बघितलं न्हाय."

मी गप बसलो. माझ्या तोंडाला असं कुलूप आजवर बसलं न्हवतं.

दुसऱ्या दिवशी चाचा तिला हुडकायला निघाले आन् मी न बोलवता त्यांच्या मागं लागलो. बाला वाटलं पोरगं कामाला लागलं. चाचांस्नी वाटलं पोरगं चांगलं हाय. मला त्या दोघांच्या तोंडाकडं बघवत न्हवतं.

चाचांचा हिशोब सरळ होता. "जिथं बदकं तिथं ती. आन् बदकं कुठं, तर जिथं पाणी ढोपराएवढं आन् खाली चिखल. खोल पाण्यात त्यांचं काय काम?" म्हणून आमी आधी रंकाळा बघितला, मग पंचगंगेच्या वाळूचं पट्टं, मग एकामागनं एक गावतळी. पाखरांचाबी प्रवास बैलगाडीगत टप्प्यानं असतो, चाचा म्हणले. इथनं कृष्णाकाठ, तिथनं भीमाकाठ, मग कुठल्या कुठं, बर्फाच्या डोंगरापल्याड. परत्येक मुक्कामाला दाणापाणी पायजे. निघायच्या आधी ती पोट भरून घेतात, अंगावर चरबी धरतात. दोन गावतळी आटून भेगाळलेली दिसली तवा चाचा थांबून म्हणले, "हितला मुक्काम मोडला ह्यांचा. उपाशी जातील पुढं." आन् मग स्वतःशीच, "तीबी."

जिथं बदकं दिसतील तिथं चाचा हाक घालायचे. मी प्रत्येक येळंला खाली बघायचो.

दुपारी एका बांधावर भाकरी खाताना मी इचारलं, "चाचा, पाखरू असं का जातंय?"

"पाखरू जात न्हाय. त्याला कुणीतरी घालवतंय."

मी हातातली भाकरी खाली ठेवली.

"आमच्यात एक रीत हाय," चाचा म्हणले. "हाक घातली की खायला द्यायचं. हातात मांस नसंल तर हाक घालायची न्हाय, मग जीव गेला तरी. आन् हाकंबिगर खायला द्यायचं न्हाय. माझ्या बापानं एकदा माझा भाऊ नुसता खेळ म्हणून हाक घालताना धरला. महिनाभर त्याला पाखरांच्या खोलीत पाय ठेवू दिला न्हाय. पाखराला माणूस कळत न्हाय बेटा. त्याला हाक तेवढी खरी असती. ती एकदा खोटी निघाली की आपण त्याच्या लेखी झाड."

"मग तुमच्याकडनं चुकलं असंल कधी?"

"चाळीस वर्सांत न्हाय."

मी सांगणार होतो. खरंच तोंड उघडलं होतं. पन तेवढ्यात चाचांनी पाण्याचा तांब्या पुढं केला, आन् मी पाणीच प्यालो.

तिसऱ्या दिवशी आमी पन्हाळ्यावर चढलो. कड्यावर एक ससाणी बसलेली दिसली आन् मी चाचांची बाही ओढली. चाचांनी डोळ्यांवर हात धरून बघितलं. "ही शाहीन. हितलीच, बारमाही. आपली परदेशी." तरी त्यांनी हाक घातली, चुकून ती आसपास असंल म्हणून. सांज होईपतूर घातली. शेवटाला त्यांच्या तोंडातनं नुसतं वारं येत होतं. घसा पार बसला. उतरताना जे बोलायचं ते खुणंनं बोलले.

घरी आलो तर बा दारातच. म्हणला, "चाचाला उद्या शिकारखान्याच्या दारोगासायबानं बोलवलंय. बहिरी इकली म्हणत्यात."

"इकली?"

"मागच्या पंधरवड्यात कुणी पावणं येऊन पाखरांची चौकशी करून गेलतं म्हणं, दुसऱ्या संस्थानातलं. शिकवलेली बहिरी हाकेवर येती की न्हाय? मग चाचाच्या हाकंला का आली न्हाय? म्हंजे चाचानं मुद्दाम घालवली, असा दारोग्याचा हिशोब. नोकरी जाणार, घर जाणार, आन् तुरुंग हायच."

बा पुढं म्हणला, "चार महिनं एकाच माणसाचा आवाज ऐकणारं पाखरू असं उगं जातंय व्हय?"

सकाळी मी शिकारखान्याकडं निघालो. मी धाडसी न्हाय, हे आधीच सांगतो. वाटंत दोनदा माघारी वळलो. म्हणलं, दारोगा मलाच आत टाकंल. म्हणलं, बाचं काम जाईल. एका कोपऱ्यावर तर बसूनच घेतलं. मग पाय आपसूक उठलं, त्यात माझं काय न्हाय.

पाखरांच्या खोलीत अर्धा अंधार होता. आडव्या लाकडावर सहा ससाणं टोप्या घालून बसलेलं. दारोगासायब खुर्चीवर, शिपाई दाराशी, चाचा मधी उभं. चाचा बोलायला जायचे आन् नुसतं ओठ हलायचं.

मी म्हणलो, "सरकार, हाक मी घातली."

"कसली हाक?"

"चाचांची. त्यांच्या आवाजात. तळ्यावर. माझ्या हातात काय न्हवतं. ती आली आन् बघून गेली."

दारोग्यानं घसा खाकरला. ती खाकर मी पेठंत शंभरदा काढून दाखवलेली, लोकं पोट धरून हसायचं. आता त्याच खाकरीला मी हात जोडलं.

"म्हातारा तुझ्या बाचं गिऱ्हाईक. त्याला वाचवायला आलायस व्हय?"

"न्हाय जी."

"मग काढ आवाज."

मी तोंड उघडलं आन् शेळीगत काढला. शिपाई फिसकन हसला. "ह्याला तर कोंबडीबी येणार न्हाय," म्हणला.

मी चाचांकडं बघितलं. त्यांना आता कळलं होतं. तीन दिवस ते ज्याच्यासंगं भाकरी खात होते ते कोण, ते त्यांना आता कळलं होतं. ते रागावलं असतं तर बरं झालं असतं. ते नुसते बघत होते, ती बहिरी वरनं बघत होती तसं.

मी डोळं मिटलं आन् पन्हाळ्याच्या कड्यावर त्यांनी जशी घातली तशी हाक घातली. "आऽऽ", मग दोनदा "हो, हो".

सहाही पाखरं एकदम ताठ झाली. टोप्या घातलेली डोकी माझ्याकडं वळली, पिसं फुलली, पंख झडझडले, खोलीभर घुंगरं वाजली. एकानं लाकडावरनं झेप घेतली आन् पायाच्या पट्टीला हिसका बसून तिथंच लोंबकळलं. शिपाई दारापतूर मागं सरला. दारोगा एकदा माझ्याकडं बघं, एकदा चाचांच्या मिटलेल्या तोंडाकडं.

मग दारोगा उठला. "म्हातारबा, तुमच्यावर आळ न्हाय," म्हणला. "आन् ह्याचं काय करायचं ते तुमीच ठरवा." गेला.

मला वाटलं चाचा आता मारतील. ते लोंबकळणारं पाखरू त्यांनी उचलून बसवलं, कोपऱ्यातनं मांसाची परात आणली आन् चामड्याचा मोजा माझ्या अंगावर टाकला. माझ्या हाताला तो लई मोठा होता. चाचांनी सहाच्या सहा पाखरांकडं बोट केलं.

मी एकेकाला हातावर घेतलं. नख्या मोज्यातनं हाडापतूर कळत होत्या. टोपी काढली की डोळा माझ्या तोंडावर यायचा, मग मांसावर. पाखराच्या वजनानं हात खाली जाऊ लागला तसं चाचांनी खालनं कोपर धरून ठेवलं. पाच झाली. सहाव्याला मी हळूच इचारलं, "चाचा, ती कार्तिकात माघारी येईल?"

घोगऱ्या, फाटक्या आवाजात ते पहिल्यांदा बोलले. "वाटंत तळी भरलेली असली तर येईल. धरायलाबी घावंल कदाचित. पन माझ्या हाकंला येणार न्हाय."

मग त्यांनी परातीतला ऱ्हायलेला तुकडा माझ्या हातात दिला. पाखराचं अजून पोट भरलं न्हवतं.