ओटीलीला मारलेली हाक

लिआ फेरोन मरण्यात पटाईत होती. बर्लिनच्या मूकपटांत ती कधी तळ्यात बुडायची, कधी क्षयानं जायची, आणि नायक उरलेला सिनेमाभर रडायचा. मी स्टुडिओची कपडेवाली. तिला मरणासाठी नटवायचं काम माझं. ती मात्र घरी जाऊन बटाट्याचं सूप प्यायची आणि लिहायला बसायची.

"मीलकेबाई, एकदा तरी मला शेवटच्या रिळापर्यंत जगायचंय," ती म्हणायची. "कुणी जगवत नाही ना, मग मीच लिहिते."

आणि लिहिलं की पोरीनं! नायिकेला स्वतःचं जन्मनाव दिलं, ओटीली. ते नाव स्टुडिओत एकट्या मला ठाऊक होतं. कथेतली ओटीली तापातून उठते, अंगणातले वाळलेले कपडे काढते, एवढाच शेवट.

दिग्दर्शक डोर्नसाहेबांनी कथा घेतली आणि शेवट फिरवला. "जिवंत बाईसाठी तिकीट कोण काढणार? तुला मरणच शोभतं गं!" सेटवरचे सुतार फिदीफिदी हसले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती मात्र मुकाट्यानं शवपेटीत जाऊन झोपली.

आमच्यात एक रीत होती. पेटीत झोपलेल्याला काम संपल्यावर कानाशी हळूच जन्मनावानं हाक मारायची, आणि त्यानं ओ दिल्यावरच उठायचं. नाहीतर भूमिका अंगाला चिकटते म्हणतात. हाक मारायचा मान माझा.

कॅमेरा थांबला. मी सवयीनं वाकले. "ओटीली!"

शब्द तोंडून गेला आणि मी चरकले.

"कुठली?" तिनं डोळे न उघडताच विचारलं.

"आपली गं. ऊठ बघू."

"ती तर आत्ताच मेली, बाई. सगळ्यांच्या देखत." ओ न देताच ती उठली. लोक हसले.

त्यानंतर तिनं एक ओळ लिहिली नाही. हिवाळ्यात समुद्रकाठच्या श्ट्रालझुंड गावाहून तिची आई आली, धुरावलेले मासे घेऊन. स्टुडिओच्या फाटकातूनच म्हातारीनं हाक मारली, "ओटीली!" पोरगी सरळ पुढे निघाली. म्हातारीनं तिचा हात धरला.

लिआ थांबली. परक्या घरी दुखवट्याला गेल्यासारखे तिनं म्हातारीचे दोन्ही हात हातांत घेतले, आणि तिचे डोळे खरोखरच भरून आले.

"तुम्हाला उशीर झाला हो, आजी," ती म्हणाली. "फार गुणी होती तुमची मुलगी. लिहायचीसुद्धा."